रिकामी ठेवलेली गादी

१६८३. सरदार ओटो लढाईत ठार. धाकट्या भावाने गादी मागितली.

वर्षाच्या नवऱ्याच्या तेरवीची कढई अजून अंगणात पालथी होती.

सरदाराची बायको गरोदर निघाली. गादी सात महिने रिकामी ठेवली.

दारव्ह्यात घरी बसून वर्षा एका जर्मन घराण्याची वंशावळ टाइप करत होती. दीर अंकुर हक्कसोडीचा कागद घेऊन आला. नवऱ्याच्या नावापुढे लिहिलं होतं, 'अपत्य नाही'.

"सही करा ना वहिनी. दादाले लेकरू नाही, वावर माह्या नावानं होऊन जाईन."

"सात महिने थांबता, भाऊजी?"

"कायले? दादा वापस येते का?"

वर्षाने पेनाला टोपण लावलं आणि पुढची ओळ टाइप केली.

१६८४. मुलगी झाली. गादी काकाला मिळाली.

वर्षाची पाळी चुकली, तेव्हा तिचा नवरा जिवंत होता.