अलार्म थांबेपर्यंत

व्हेंटिलेटरच्या हेल्पलाइनवर आमचा एक नियम फार कडक आहे: अलार्म थांबेपर्यंत फोन ठेवायचा नाही.

त्या दुपारी काकूंचा फोन आला. काका आमचे जुने पेशंट, तीन वर्षं घरीच मशीनवर, त्यामुळे काकूंचा आवाज पाठ झालेला. मागे लो प्रेशरचा अलार्म बोंबलत होता. म्हणजे हवा कुठूनतरी निसटत होती.

"काका कसे आहेत?"

"त्रास नाही त्यांना. तू अलार्मचं सांग."

"मशीनकडचा जोड बघा."

"घट्ट आहे."

"नळीला कुठे चीर?"

"सगळीकडून हात फिरवला. नाहीये."

"नळीला जोडलेली पाण्याची बाटली नीट बसलीये?"

"बसलीये. तू जेवलास का रे?"

मी वैतागलोच. इथे हवा गळतेय आणि काकूंना माझ्या जेवणाची पडलीये.

"काकू, आधी नळीचं काकांच्या गळ्याकडचं टोक बघा."

अलार्म तेवढा वाजत राहिला.



"ते टोक उशीवर आहे. ह्यांना जाऊन वीस दिवस झाले. अलार्म वाजत असला की तू फोन ठेवत नाहीस, म्हणून मशीन लावलं."