लोसाचा डावा हात

तानिएलु टॅक्सीतून उतरला तोच तणतणत. समोर लोसा आजीचं खांबांवरचं, बिनभिंतींचं घर. घरापुढे भर उन्हात त्याचा बाप एलिआ मान खाली घालून मांडी घालून बसलेला, डोक्यावरून बारीक विणीची चटई ओढलेली. पुढ्यात दगड आणि सरपणाची मोळी ठेवलेली. चुकलो, हवं तर भट्टी लावून आम्हाला भाजा, असा त्याचा अर्थ. खून झाला किंवा कुणाच्या घराची अब्रू गेली, की गावात माणसं इफोगाला अशी बसतात. ज्यांचं वाईट झालं त्यांनी येऊन चटई उचलली तर माफी. नाहीतर बसून राहायचं. एलिआ पहाटेपासून बसला होता.

"बाबा, उठा!"

चटई हलली नाही.

"उठा म्हणतो ना! सगळं गाव बघतंय. कुणाचा खून केलाय मी?"

ऑकलंडमध्ये त्याने टीव्हीवर काय कमी सोसलं होतं? दुसऱ्या भागात मरणारा चोर हवा असला की तानिएलुला फोन. गुंड हवा, दारावरचा पहिलवान हवा, की तानिएलुला फोन. शेवटी वैतागून त्याने रंगभूमीवर एकट्याने आपल्या माणसांचं नाटक उभं केलं. त्सुनामीच्या लाटेत सापडलेली एक आजी. मुलगी परदेशी कामाला, तिची दोन पोरं आजीच्या दोन हातांत. झाड धरायला एक हात मोकळा हवा. आजी डावा हात सोडते. मग जन्मभर सांगत राहते, लाटेने ओढून नेला. शेवटी तानिएलु आपला डावा तळवा कमरेला गुंडाळलेल्या लावालावाला पुसायचा, पुसतच राहायचा, आणि थिएटरात माणसं हुंदके द्यायची. बक्षीस मिळालं. त्यावर आता सिनेमा निघत होता, त्यातही आजी तोच करणार होता. "तो हात म्हणजेच आपला सिनेमा. तो नसेल तर मला काही नको," निर्माती म्हणाली होती.

आणि इथे बाप मातीत बसून त्याच्या कामावर माती टाकत होता.

"नाटक आहे ते!" तो ओरडला. "नाटकाची माफी कुणी मागतं का? नाव बदललं, गाव बदललं, नवऱ्याचा धंदा बदलला. बक्षीस मिळालं तेव्हा चर्चमध्ये तुम्हीच मिरवत होतात ना? आता लाज वाटली?"

"तुझ्यासाठी बसलो नाही मी," चटईखालून आवाज आला. घसा कोरडा पडला होता. "तू तुझं काम केलंस. लोसाने ही गोष्ट आयुष्यात एकट्या मला सांगितली होती. देवासमोर, चर्चचा वडीलधारा म्हणून. तू रडत फोन केलास, बाबा, पुन्हा चोरच दिलाय. माझं मन वितळलं. मी तिची गोष्ट तुला देऊन टाकली. तोंड मी उघडलं, पोरा. जा तू."

तानिएलुचा राग आणखीच भडकला. आता तर बापाचं तिथे बसणं त्याला सहनच होईना. त्याने चटईला हात घातला.

"हात लावू नकोस," लोसा म्हणाली.

ती घराच्या कडेला येऊन उभी होती. सावकाश खाली उतरली. उजव्या हाताने तिने चटई उचलली आणि बाजूला टाकली. एलिआचे डोळे उन्हाने मिटले.

"एलिआ, ऊठ. तू बोललास ते वाईट केलंस. पण तू नाव सांगितलं नव्हतंस. आणि हात पुसण्याचं तर तुलाही ठाऊक नव्हतं."

मग ती तानिएलुकडे वळली. बोलता बोलता तिचा डावा तळवा लावालावाला पुसला जात होता. आत्ताही तिला त्याचा पत्ता नव्हता. तानिएलुला होता. लहानपणी चर्चमध्ये तिच्यामागेच बसायचा तो, म्हणूनच बापाने नाव न सांगताही गोष्ट कुणाची ते त्याने ओळखलं होतं. प्रार्थना चालू असताना त्याने तो हात किती वेळा बघितला होता, आणि ऑकलंडच्या आरशापुढे किती वेळा घोटून घेतला होता!

"माझ्या लेकीने, सेफिनाने तुझं नाटक बघितलं," लोसा म्हणाली. "गावचा पोरगा म्हणून कौतुकाने तिकीट काढून गेली. नाव परकं, गाव परकं. पण हात आईचा. तिथूनच तिने फोन केला. एकच विचारलं. आई, तू सोडलास का त्याला? त्यानंतर पुन्हा फोन नाही."

तानिएलुने तिच्या तळव्याकडे बघितलं.

"सिनेमात आहे तो हात?" तिने विचारलं.

"आहे."

लोसाने मान हलवली. एलिआला आधार देत ती घरात घेऊन गेली, त्याच्यापुढे शहाळं ठेवलं. चटई अंगणात तशीच पडली होती.

तानिएलु चटईपाशी गेला. मग चटई उचलून बापाच्या जागी बसला. डोक्यावरून चटई ओढली, खांदे पाडले, मान झुकवली. खिशात फोन थरथरत होता, निर्मातीचाच असणार. घेऊ नंतर, त्याने ठरवलं. म्हातारीचं मन मऊ आहे, संध्याकाळपर्यंत उचलेल चटई. मग चित्रीकरण सुरू.

पावलं जवळ आली. चटईच्या कडेशी लोसाचे अनवाणी पाय थांबले. 

"छान बसलास," ती म्हणाली. "लोक रडतील बघून. आता खरा बस."