बिघडलेला पट्टा

मध्यंतरात श्रीरंग चित्रपटगृहाच्या पायरीवर येऊन बसला. बलात्काराचा प्रसंग दाखवायचा तर पडद्यावरच्या बाईला वाटणारी भीती प्रेक्षकाच्याही अंगात उतरली पाहिजे, असा नियम झाल्यापासून मनगटाला ती भीती देणारा पट्टा बांधल्याशिवाय कुणालाही आत सोडत नसत.

"बघवत नव्हतं गं," तो बायकोला म्हणाला. "मी मध्येच पट्टा काढून खिशात टाकला."

हेमांगी शांतपणे चहा पीत होती. "माझा बिघडलाय बहुतेक. मला नेहमीसारखंच वाटत होतं."

पट्टा बदलून घ्यायला दोघं काउंटरवर गेली. तिथल्या मुलीने तो यंत्रावर ठेवून पाहिला, मग पुन्हा एकदा पाहिला.

"पट्टा चांगला आहे, मॅडम. त्याने तुम्हाला काही दिलं नाही, एवढंच."

"असं कसं?" श्रीरंगने विचारलं.

"माणसाच्या अंगात मुळात किती भीती आहे ते तो आधी बघतो. कमी असेल तेवढीच वरून देतो." मुलीने आवाज खाली आणला. "मॅडमच्यात कमी नव्हती."

श्रीरंगला हेमांगी घरात रात्रभर जळत ठेवायची तो दिवा आठवला. त्या दिव्यावरून तो लग्न झाल्यापासून कुरकुरत आला होता.

"घरी जाऊ या का?" त्याने हळूच विचारलं.

"नको," हेमांगी म्हणाली. "पुढे तिचं काय होतं ते मला बघायचंय."

ती आत गेली. श्रीरंगने खिशातला पट्टा काढला आणि मनगटावर घट्ट बांधला.