राजमांजर उठेपर्यंत

आमच्या राज्यात राजमांजर बसलं की महिना सुरू होतो आणि उठलं की संपतो. कालमंत्र्यांच्या भाषणात जांभई दिली म्हणून मला एका महिन्याची शिक्षा झाली, तेव्हा मिसरूडही फुटलं नव्हतं. आता दाढी पिकली. शेवटी म्हातारी आई काठी टेकत मंत्र्यांच्या दालनात आली. मलाही बेड्यांसकट आणलं होतं. राजमांजर तिथेच गादीवर बसलेलं होतं. “अहो साहेब, मांजर केव्हाच मेलंय,” आई म्हणाली. “तोंड आवरा, बाई. ते ध्यानात आहे.” “वाळून लाकूड झालंय हो!” “तपश्चर्येने शरीर सुकतंच.” आईने नासक्या दुधाकडे पाहावं तसं मंत्र्यांकडे पाहिलं, शेपटीला धरून मांजर उचललं आणि म्हणाली, “घ्या, उठलं.” मंत्र्यांनी नियमांची पोथी चाळली, पण मांजर कोणी उठवावं, हे नियमात नव्हतंच. पहारेकऱ्याने हसू दाबत माझ्या बेड्या काढल्या. निघताना आईने मांजर मंत्र्यांच्या मांडीवर बसवलं. “नवा महिना. पुरवून वापरा.”