उरलेला अर्धा सामना

मध्यंतरात पंच पाहुण्या संघाच्या खोलीपाशी आले आणि दारातच थांबले. खोली कसली, मैदानाची अवजारं ठेवायची शेड होती ती. गवत कापायच्या यंत्राला टेकून मॉर्गन्स रिज कॉलेजची पोरं पाय पसरून बसली होती. कुणाच्या नाकात कापूस, कुणाच्या ओठावर ओलं फडकं. बाहेर फळ्यावर एक्केचाळीस-शून्य लागलं होतं, आणि त्यातलं शून्य कुणाचं हे विचारायची गरज नव्हती.

पंचांचं म्हणणं साधं होतं. ॲशफर्ड कॉलेजवाले उरलेला खेळ निम्म्यावर आणायला तयार आहेत. नियमात बसतं. फक्त दोन्ही कर्णधारांनी हो म्हणायला हवं, आणि त्यांच्या कर्णधाराने म्हटलंय.

"देव पावला," प्रॉसर सर म्हणाले. ते दिवसा रसायनशास्त्र शिकवत आणि संध्याकाळी फुटबॉल, तो अमेरिकन, चेंडू हातात धरून समोरच्याला धडकत पुढे घुसायचा. या मोसमात त्यांच्या संघाने एकही सामना जिंकला नव्हता, आणि दर सामन्यानंतर इस्पितळात कुणा ना कुणाच्या उशाशी तेच बसलेले असत.

कर्णधार कॅझिमिर बुड्रिस बुटाच्या तळाचा चिखल काडीने उकरत होता. खाणकामगाराचा मुलगा, उन्हाळ्याच्या सुट्टीत तोही बापाबरोबर कोळसा काढायला उतरायचा. मान वर न करता तो म्हणाला, "नाही."

सरांनी पंचांकडे जरा वेळ मागितला आणि ते त्याच्यासमोर उकिडवे बसले. "कॅझी, डर्गोची बरगडी गेलीय. बदली उतरवायला धड माणूस उरलेला नाही. कुणाला काय दाखवायचंय तुला?"

"बरगडी माझ्याजवळच आहे सर," कोपऱ्यातून डर्गो म्हणाला. "कुठे जात नाही ती." पोरं हसली, आणि हसताना ज्याचं जे दुखत होतं ते धरून बसली.

"सर, पुढच्या वर्षी आपला संघ असणार आहे का?" बुड्रिसने विचारलं.

याचं उत्तर सगळ्यांनाच ठाऊक होतं. मंदीने कॉलेजचं कंबरडं मोडलं होतं, आणि विश्वस्तांनी याच आठवड्यात कळवलं होतं की आजचा सामना संपला की मॉर्गन्स रिजचा फुटबॉल कायमचा बंद.

"मग आपल्याकडे एवढाच वेळ उरलाय. तोसुद्धा यांना देऊन टाकायचा?"

सर भडकले. खरोखर भडकले. उद्या याच्या-त्याच्या आईला तोंड मला दाखवायचंय, म्हणाले.

"माझ्या आईला सांगा, पोराने ऐकलं नाही. तिला त्यात नवल वाटायचं नाही."

सरांना त्याला बाहेर बसवता आलं असतं. दुसरा कर्णधार नेमून हो वदवून घेता आलं असतं. तसं त्यांच्या मनात आलंही असावं, कारण ते बराच वेळ त्या पोरांच्या तोंडांकडे बघत राहिले. मग उठून पंचांना म्हणाले, "मैदानात कर्णधाराचा शब्द चालतो. मला काय विचारता?"

बाहेर ॲशफर्डचा कर्णधार हॉलिस खांद्यावर लांब कोट टाकून उभा होता. त्यांच्या पहिल्या अकरातले बाकीचेही तसेच कोट घालून बाकावर कॉफी पीत बसले होते, आणि मैदानात उतरली होती ती त्यांची राखीव पोरं. तुमच्या भल्यासाठीच म्हणत होतो, हॉलिस म्हणाला.

"तुमचे खरे खेळाडू कुठेत?" बुड्रिसने विचारलं.

"त्यांचं काम झालं. यंदा आमच्यावर कुणीही एकसुद्धा गुण चढवलेला नाही, दोस्त. तुम्ही काय चढवणार?"

बुड्रिसला एक्केचाळीस गुण झोंबले नव्हते, तेवढं हे झोंबलं.

त्याने डावपेच सोडून दिले. बगलेत चेंडू घ्यायचा आणि समोरच्या रांगेच्या मधोमध घुसायचं, एवढा एकच खेळ. तोही कुजबुजून नाही, सगळ्यांना ऐकू जाईल असा सांगायचा. "मधून." पाडलं, उठले. "परत मधून." कोळशाच्या बुटक्या बोगद्यात वाकून वाढलेल्या पोरांना खाली वाकून रेटायला शिकवावं लागत नाही. दर खेपेला हातभर, दोन हात सरकत राहिले. चेंडू गेला तर जमिनीवर लोळून परत मिळवला. सामन्याचा चौथा आणि शेवटचा भाग सुरू झाला तेव्हा ॲशफर्डची रेषा, जी ओलांडली की गुण मिळतात ती, अगदी चार पावलांवर आली होती.

घरी निघालेले प्रेक्षक पायऱ्यांवर थबकले आणि पुन्हा खाली बसले. ॲशफर्डचा प्रशिक्षक उभा राहिला. त्याने बाकाकडे बघून काहीतरी म्हटलं.

कोट गवतावर पडले. पहिले अकराच्या अकरा, शिरस्त्राणांचे पट्टे आवळत मैदानात धावत आले. राखीव पोरं माना खाली घालून बाहेर निघाली. हॉलिस बरोबर मधे येऊन उभा राहिला, आणि आता त्याच्या तोंडावर भलेपणा अजिबात नव्हता.

डर्गोने बरगडीवर हात दाबला. "मेलो आता, कॅझी."

बुड्रिस हसला. त्याचे दात रक्ताने लाल झाले होते.

"मरू की. पण त्यांचे खरे खेळाडू आले ना?"

आणि सगळे खाली वाकले.