कायमची परवानगी

फोटोचा प्रोग्राम उघडला की कॉम्प्युटर दर वेळी विचारायचा, 'बदल करू देऊ का?' मुरुम गावातल्या माझ्या फोटो स्टुडिओत गिऱ्हाईक ताटकळायचं. वैतागून मी काल त्याला कायमची परवानगी देऊन टाकली.

आज चांगुणाआजी तणतणत आली. कालचा पासपोर्ट फोटो तिनं टेबलावर आपटला.

"सुगत, कपाळावरचं गोंदण कुठंय? माझ्या आईनं गोंदवलेलं! कुणाला इचारून पुसलंस?"

"आजी, तुमच्या फोटोला म्या हातबी लावला न्हाय!"

तिनं संतापानं पदर मागं सारला. कपाळ कोरं होतं.

परवानगी काढून टाकायला मी कॉम्प्युटरकडं वळलो. पडद्यावर माझाच फोटो उघडा होता. नाकाखाली नुसतीच सपाट कातडी.

कचकचीत शिवी हासडायला गेलो, आणि आजी माझ्याकडं बघून किंचाळली.