मोगऱ्याचा क्षेत्रपाल

भयावर उपजीविका करणाऱ्याला आधी त्या भयाला देवत्व द्यावे लागते. मठाच्या भार्गवबुवांनी ते एका विषारी कोळ्याला दिले होते.

बागेत फुले खुडताना त्या कोळ्याच्या दंशाने द्वारकाबाईंचा हात सुजला, तेव्हा बुवा म्हणाले, “बाई, हा कोळी नव्हे, बागेचा राखणदार देव, क्षेत्रपाल कोपला आहे. मोगऱ्याची बाग मठाला दान करा.” गजरे विकून पोट भरणाऱ्या त्या विधवेपाशी बागेखेरीज काहीच नव्हते. तरीही दान सोडण्यासाठी उदक घेऊन त्या बागेत आल्या. बुवांनी ते उदक झेलायला तळहात पुढे केला.

तेवढ्यात तोच कोळी दगडावर प्रकटला. बुवांनी साष्टांग नमस्कार घातला. इतक्यात मोगऱ्याच्या आळ्यातून एक बेडूक उसळला, त्याची जीभ सुटली आणि क्षेत्रपाल आठही पायांसह नाहीसा झाला. बेडकाने डोळे मिटून घास गिळला.

“बुवा, नैवेद्याच्या पानावर तुम्ही असेच डोळे मिटता हो!” द्वारकाबाई म्हणाल्या.

“मरेल तो! दैवी विष आहे ते,” बुवा मातीतूनच गरजले.

बेडूक मरेना, उलट दुसऱ्या कोळ्याच्या मागे लागला. द्वारकाबाईंनी उदक मोगऱ्याच्या मुळाशी सोडले आणि हात जोडले, “बेडकाला अन्न पचो, बुवांना दुसरा उद्योग लाभो.”